कानामागचा ठिपका

८ जानेवारी

ही डायरी मेडिकलवाल्याने शैलेशला दिली. दर वर्षी देतो आणि दर वर्षी ती रद्दीत जाते. यंदा मी ठेवून घेतली. लिहिण्यासारखं काही घडतंय म्हणून नव्हे. दुपारी घर फार गप्प असतं आणि नवऱ्याशी बोलायला गेलं की तो "हं" म्हणतो. डायरी निदान तेवढंही म्हणत नाही.

रुचिराचा फोन रविवारी येतो. मेलबर्नला तेव्हा संध्याकाळ असते. गेल्या रविवारी आला नाही. "आई, बिझी आहे, नंतर करते" असा मेसेज आला. नंतर म्हणजे कधी, असं मी विचारत नाही. (विचारलं. उत्तर आलं नाही.)

आज तिची रॅकेट माळ्यावरून काढली. त्याला कारण घडलं. पनवेलच्या एसटी स्टँडजवळ सुगराचं फॉल-पिकोचं दुकान आहे, ती माझ्या साड्या घरी पोचवायला आली होती. सोबत तिची मुलगी हुदा. आम्ही वर साड्या बघत होतो तोवर ही पोरगी खाली आमच्या सोसायटीच्या टेनिस कोर्टाच्या भिंतीवर मुलांच्या प्लॅस्टिकच्या बॅटने चेंडू मारत होती. आमचं कोर्ट म्हणजे बिल्डरच्या जाहिरातीतलं एक चित्र. नवरात्रात गरबा, लग्नसराईत पार्किंग. पण मी तिथे रुचिरासाठी वर्षानुवर्षं खुर्ची टाकून बसले आहे. चेंडूचा आवाज ऐकला की मला कळतं. मी साड्या तशाच टाकून बाल्कनीत गेले.

काय मारत होती ती! सुगराला विचारलं, कुठे शिकली? ती म्हणाली, "कुठं नाय ताई, मोबाइलवर बघते."

१९ जानेवारी

हुदा रोज संध्याकाळी येते. रुचिराची रॅकेट तिच्या हातात बघितली की मला बरंही वाटतं आणि वाईटही वाटतं.

आता ती दिसते कशी ते लिहायला हवं, कारण सगळा घोळ तिथेच आहे. काळी. आपल्यात लग्नाच्या जाहिरातीत 'सावळी' लिहितात तशी नाही, खरी काळीभोर. केस बारीक कुरळे, घट्ट. उंच, लांब हातापायांची. हे लोक सिद्दी, मुरूडकडचे. कित्येक पिढ्यांपूर्वी आफ्रिकेतून आले आणि इथलेच झाले. बाप अमजद तळोज्याला केमिकल फॅक्टरीत शिफ्ट करतो. मुलगी नगरपालिकेच्या मराठी शाळेत नववीत आहे. पण आमच्या वॉचमनने पहिल्याच दिवशी तिला गेटवर अडवून हिंदीत पासपोर्ट मागितला. सुगरा म्हणाली, "आमच्या अख्ख्या खानदानात पासपोर्ट नाय रे बाबा, आमी कधी मुंबईच्या पुढं गेलोच नाय." वॉचमनला तेही पटलं नाही. मग मी खाली गेले आणि त्याला चांगला झापला. सेक्रेटरीलाही झापलं. म्हटलं, ही माझी पाहुणी.

कुमार सरांना बोलावून तिचा खेळ दाखवला. रुचिराचे सर. आता गुडघे गेलेत, पण नजर शाबूत आहे. त्यांनी तिच्या चार सर्व्हिस बघितल्या आणि मला म्हणाले, "वहिनी, हिला स्पर्धेत उतरवायला कोण नेणार?"

मी म्हटलं, गाडी पडूनच असते.

२ फेब्रुवारी

पहाटे कर्नाळ्याला गेलो. दम वाढवायला चढ हवा, असं सरांनी सांगितलंय. मी खाली चहाच्या टपरीवर बसले, हुदा किल्ल्यापर्यंत धावत जाऊन आली. तिला रुचिराची टोपी दिली होती. म्हटलं, घाल, उन्हाने रापशील. ती म्हणाली, "काकू, आता अजून कुठं जागा हाय?" दोघी हसलो. मुलगी विनोदी आहे. मला आवडतं तिचं हे.

येताना गाडीत तिला सर्व्हिस टाकताना डावा खांदा कसा पडतो ते समजावून सांगितलं. ऐकते बिचारी. रुचिरा खिडकीबाहेर बघायची.

दुपारी रुचिराचा फोन आला! मी उत्साहाने हुदाबद्दल सगळं सांगितलं. ती बराच वेळ ऐकत होती. मग म्हणाली, "आई, एक कर. मॅच झाल्यावर गाडीत तिच्याशी बोलू नकोस." मी म्हटलं, म्हणजे काय? म्हणाली, "काही नाही. फक्त बोलू नकोस." आणि मीटिंग आहे म्हणून ठेवला. रविवारी कसली मीटिंग?

मी काय एवढं बोलायचे? चुका सांगायचे. आईने सांगायच्या नाहीत तर कोणी सांगायच्या?

२३ फेब्रुवारी

हुदाची पहिली स्पर्धा, ठाण्याला. सुगराने स्वतः पांढरा स्कर्ट शिवला, खाली घोट्यापर्यंत पांढरी लेगिंग. रुचिराचा स्कर्ट तिला दिला होता, तो तिने इस्त्री करून परत पाठवला. मला जरा लागलं, पण असो.

कोर्टावर पोरी तिच्याकडे बघत होत्या. एकीची आई मला म्हणाली, "स्पॉन्सर केलंय का तुम्ही हिला? नायजेरियन?" मी म्हटलं, मुरूड. ती म्हणाली, "तिथे कशा आल्या या?" मी म्हटलं, तुमच्या-आमच्या आधी आल्या. फार बरं वाटलं मला ते उत्तर सुचल्याचं.

सामन्याआधी मी काजळाची डबी काढली. रुचिराला प्रत्येक सामन्याआधी कानामागे तीट लावायचे. शैलेश हसायचा, पण मी लावायचेच. पोर चांगली खेळते, चारजण बघतात, दृष्ट लागते. सवयीने बोट काजळात बुडवलं, हुदाचा कान धरला आणि माझं मलाच हसू आलं. म्हटलं, "अगं, तुला कशाला तीट? तू अख्खीच तीट आहेस की!" तीही हसली. मी डबी मिटून ठेवली.

पहिला सेट हरली. डबल फॉल्टवर डबल फॉल्ट. पहिलीच स्पर्धा, दडपण येणारच. मग कशीबशी सावरून जिंकली, पण दुसऱ्या फेरीत हरली. येताना मी वाशीपर्यंत तिला चुका सांगितल्या. वाशीला लक्षात आलं, ती खिडकीबाहेर बघतेय. थकली असणार.

१ मार्च

हुदा आठवडाभर आली नाही. फोन केला तर सुगरा म्हणाली, परीक्षा जवळ आलीय. नववीची कसली आलीय एवढी परीक्षा?

५ मार्च

आज संध्याकाळी कोर्टाबाहेर खुर्ची टाकून बसले. तिथे कोणी नव्हतं. सेक्रेटरीची मोटार उभी होती. तरी बसले. मग उठून आले.

खरं सांगायचं तर मला टेनिसचं काही पडलेलं नाही. मला गाडीत शेजारी कुणीतरी हवं आहे. मागच्या सीटवर घामाचा टॉवेल, पाण्याच्या बाटल्या, कुणाची तरी बॅग. रुचिरा गेल्यापासून गाडी इतकी स्वच्छ असते की बसवत नाही.

९ मार्च

शैलेशला म्हटलं, पोरगी का येत नाही कळत नाही, मी तर तिच्यासाठी जीव टाकते. त्याने विचारलं, "तू शेवटचं काय बोललीस तिला?" मी आठवून सगळं सांगितलं. खांदा, सर्व्हिस, नेटजवळ जायला उशीर. मग तिटीचा विनोदही सांगितला.

त्याने पेपर खाली ठेवला. "नीता," म्हणाला. बस. एवढंच. तीस वर्षांत त्याने माझं नाव असं घेतल्याचं आठवत नाही.

अरे, पण ती स्वतःच करते ना असले विनोद! टोपीच्या वेळी तिनेच केला होता. ती हसली होती. मी माझ्या डोळ्यांनी बघितलं.

१२ मार्च

एक साडी घेऊन सुगराच्या दुकानात गेले. फॉल आधीच लावलेला होता, तो मी घरी उसवून नेला. सुगराने साडी उलटसुलट करून बघितली. तिला कळलं असणार. मशीनवर बसली.

मी म्हटलं, "सुगरा, मी गमतीने म्हटलं होतं गं."

तिने मशीन थांबवलं नाही. म्हणाली, "मला म्हाईत हाय ताई. तुमी चांगल्या हाव. हुदा पण बोलते, काकू चांगल्या हायत."

मग दोरा तोडला आणि म्हणाली, "काजळ आमच्यावर दिसत नाय ना, म्हणून सासू माझी चुन्याचा ठिपका लावायची. पान खायची ती, चुना असायचाच कमरेला. तिनं माझ्या पोरीला लावला, आता मी लावते. कानामागं, कुणाला दिसायला नको. त्या दिवशी पण लावून पाठवली होती." मग साडीची घडी घालत म्हणाली, "नजर आमालापण लागते, ताई."

म्हणजे मी कान धरला तेव्हा ठिपका तिथे होता. मी बघितलाच नाही.

घरी येऊन साडी कपाटात टाकली. पैसे घेतले नाहीत तिने. आज स्वयंपाकही केला नाही, शैलेशने खिचडी लावली.

१३ मार्च

एसटी स्टँडच्या पानटपरीवर जाऊन चुन्याची ट्यूब घेतली. टपरीवाल्याने माझ्याकडे वरपासून खालपर्यंत बघितलं आणि विचारलं, "मॅडम, तंबाखूची पुडी पण देऊ?" म्हटलं, नको. ट्यूब पर्समध्ये ठेवली. कशाला घेतली माहीत नाही. लावायचा मला काय हक्क आहे?

१० एप्रिल

बेल वाजली, दारात हुदा. परीक्षा संपली. उंच झालीय की मलाच तशी वाटली?

आत आली नाही. म्हणाली, "काकू, पुण्याला राज्य मानांकन स्पर्धा हाय, सोळाच्या आतली. एन्ट्रीची उद्या शेवटची तारीख. कुमार सर म्हणतात टाक. अब्बूंना सुट्टी नाय मिळणार. मला तुमची गाडी लागेल."

गाडी लागेल. मी लागेन असं म्हणाली नाही. गाडी तर गाडी. म्हटलं, नेते.

मग मी सुरुवात केली, "हुदा, त्या दिवशी मी—"

"राहू द्या काकू."

"पण तूच तर टोपीच्या वेळी..."

"मी बोलते ते वेगळं," ती म्हणाली. "मी आधी बोलून टाकते, म्हणजे दुसऱ्या कुणाला बोलायला काय राहात नाय. नंतर नंतर तुमच्यासमोर मला तशी गरज नाय वाटायची."

आणि सरावाला गेली. मी दारात उभी राहिले. खालून भिंतीवर चेंडू आपटल्याचा आवाज यायला लागला, तेव्हा रडू आलं.

६ मे, पुणे

मावसबहिणीकडे उतरलोय. उकाडा मरणाचा. हुदा पहिल्या दोन फेऱ्या सरळ जिंकली. माझ्या पर्समध्ये ट्यूब आहे, ती मी बाहेर काढली नाही. गाडीत एक अक्षर बोलले नाही. डाव्या खांद्याबद्दल बोलायला जीभ वळवळत होती, चावून धरली.

८ मे, पुणे

आज जे झालं ते नीट लिहिते.

उपांत्यपूर्व सामना जिंकून हुदा बाहेर आली. उद्या जिच्याशी खेळायचंय त्या मुलीचा बाप पंचांच्या टेबलाशी उभा होता. आक्षेप घेतला म्हणे. ही मुलगी सोळाच्या आतली वाटत नाही आणि भारतीयही वाटत नाही, परदेशी खेळाडूला राज्याच्या स्पर्धेत कसं घेतलं? टेबलावरच्या माणसाने आधार कार्ड मागितलं. दाखवलं. जन्माचा दाखला दाखवला, मुरूडचा. तरी तो माणूस कार्ड उजेडात धरून बघत बसला. म्हणाला, "पासपोर्ट असेल तर बरं होईल."

माझं डोकं फिरलं. मी पुढे झाले, तोंड उघडलंच होतं, एवढ्यात हुदाने माझ्या दंडाला हात लावला. "काकू, तुम्ही बसा."

मी बसले. आयुष्यात पहिल्यांदा कुणी बस म्हटलं आणि मी बसले.

ती टेबलाशी उभी राहून स्वच्छ मराठीत म्हणाली, "सर, पासपोर्ट नाय. माझी दादी मुरूडच्या बंदरावर मासळी विकते, तिला फोन लावून देऊ? ती तुम्हाला आमच्या सात पिढ्यांची नावं सांगेल. पण ती शिव्या पण देईल." टेबलावरचा माणूस हसला. हुदा हसली नाही. म्हणाली, "यांच्या मुलीचा पासपोर्ट मागितलात का? नसेल मागितला तर माझापण मागू नका. उद्या किती वाजता कोर्टावर यायचं तेवढं सांगा."

वयाचा दाखला शाळेकडून पडताळून घेतला. तासभर लागला. तेवढा वेळ ती झाडाखाली बसून रॅकेटच्या तारा सरळ करत होती. मी शेजारी बसले. तिने विचारलं, "रुचिराताईला असं कधी विचारलं होतं का?" मी म्हटलं, नाही. "मग ती खेळताना कशाला घाबरायची? कुमार सर सांगत होते." माझ्याकडे उत्तर होतं, ते मला आवडलं नाही.

९ मे, पुणे

सकाळी मी चहा करत होते. हुदा तयार होऊन स्वयंपाकघरात आली आणि माझ्याकडे पाठ करून उभी राहिली. केस वर घट्ट बांधलेले. कानाची पाळी दोन बोटांनी पुढे वाकवली. म्हणाली, "अम्मीनं निघताना लावलेला ठिपका पुसला गेला. ती इथं नाय ना."

मी पर्समधून ट्यूब काढली. तिने वळून बघितलं. "तुमच्याकडं कुठून?"

"पानवाल्याकडून. तंबाखू पण देत होता."

मोठ्याने हसली. हे खरं हसणं, मला कळलं, कारण तिटीच्या वेळचं असं नव्हतं. मग कान परत पुढे धरला. मी करंगळीच्या टोकावर चुना घेतला आणि लावला. ठिपका जरा लांबट झाला. कसा दिसतो म्हणून सांगू? छान दिसत होता. मी काही म्हटलं मात्र नाही.

त्या आक्षेपवाल्याच्या मुलीला तिने सरळ दोन सेटमध्ये हरवलं. ती पोरगी नेटजवळ येऊन हुदाला म्हणाली, "सॉरी, पप्पांनी..." हुदाने तिच्या खांद्यावर थाप मारली. बाप गाडी आणायला निघून गेला होता.

१० मे

अंतिम सामना हरली. तीन सेट झाले, तिसरा पाच-सात. समोर मानांकनात पहिल्या नंबरची मुलगी होती, पण शेवटी तीही पाय ओढत होती. पेपरवाला आला, म्हणाला, इथवर आलेली पहिली सिद्दी मुलगी म्हणून कसं वाटतं? हुदा म्हणाली, "आधी बॅकहँड कसा वाटला ते लिहा, मग ते लिहा."

घाट उतरेपर्यंत मी गप्प. तोंडात गोळी धरून बसले होते म्हणा ना. बोगदे गेले, खोपोलीचे दिवे दिसायला लागले. हुदा म्हणाली, "काकू, रुचिराताईला तुम्ही गाडीत काय बोलायच्या?"

"चुका सांगायचे."

"जिंकली तरी?"

"जिंकली तरी."

तिने सीट मागे सरकवली, पाय पसरले आणि म्हणाली, "मला सांगा ना. तिसऱ्या सेटमधल्या."

मला सगळ्या माहीत होत्या. एकेक पॉइंट डोळ्यांसमोर होता. चार-चारला नेटवर यायला हवं होतं. म्हटलं, "भूक लागली का?"

वडापाव खाल्ला. मग सांगितलं, खांदा आता पडत नाही. ती म्हणाली, "म्हाईत हाय."

१ जून

हुदा गेली. बंगळूरच्या एका अकॅडमीने घेतलंय, राहणं-खाणं त्यांच्याकडेच. अमजदभाई पोचवायला गेलेत. पनवेल स्टेशनवर सुगराने तिला ठिपका लावला आणि ट्यूब माझ्यासमोर धरली. "ताई, दुसऱ्या कानाला तुमी." मी लावला. गाडी सुटल्यावर सुगरा पदराने तोंड झाकून रडली. मी तिचा हात धरला होता की तिने माझा, सांगता येत नाही.

येताना शैलेश शेजारी बसला. सीट हुदाच्या लांब पायांसाठी मागे सरकवलेली. तो पुढे ओढायला लागला. मी म्हटलं, राहू दे. तो म्हणाला, "हं."

आज रविवार. दुपारी रुचिराचा व्हिडिओ कॉल आला. तिला पुण्यापासून स्टेशनपर्यंत सगळं सांगितलं. चुन्याचं सांगितलं. माझ्या विनोदाचंही सांगितलं, तेव्हा तिने डोळे मिटले. मग म्हणाली, "आई, मला का लावायचीस गं तीट? मी तर हरायचे."

मी म्हटलं, "हरायचीस तरी लावायचे."

"गाडीत तू इतकं बोलायचीस ना, मला वाटायचं तुला मी आवडत नाही. आणि सामन्याआधी कान धरायचीस तेव्हा वाटायचं, आवडते." ती हसायला बघत होती. "मी तेवढ्यासाठी खेळायचे."

मी म्हटलं, "मला तू हवी आहेस गं. रोज हवी आहेस."

तिने मान वळवली, केस बाजूला केले, कान फोनच्या अगदी जवळ आणला. "लाव."

काजळ कुठे शोधत बसणार? ट्यूब पर्समध्येच होती. करंगळीवर चुना घेतला आणि फोनच्या काचेवर, तिच्या कानामागे लावला.

"लागला?" तिने विचारलं.

"लागला."

मग ती बराच वेळ बोलत राहिली. ऑफिसचं, घरमालकिणीचं, तिथल्या थंडीचं. मी मध्ये एकदाही बोलले नाही. फोन ठेवल्यावर शैलेश फडकं घेऊन काच पुसायला आला, त्याला परत पाठवलं.